तुम्ही विचारलंत म्हणून: चित्र येत नाही तरी जिंकतो कसा

शनिवारी रात्री गेम संपला की आमच्या ग्रुपवर कोणी ना कोणी हे विचारतंच, आणि मामेभाऊ तर ठरलेल्या शब्दांत विचारतो, "तुले तं धड गाय काढता येत नाई, मंग दर खेपी तूच काऊन जिंकतं बे?" परवा एका लग्नात नागपूरच्या मावशीनेही विचारलं, जेवणाच्या पंगतीत, सगळ्यांसमोर. तर एकदा लिहूनच टाकतो म्हटलं.

आधी गेम काय ते सांगतो, कारण ग्रुपमधल्या मोठ्या माणसांना अजूनही वाटतं की आम्ही काहीतरी पैसे लावून खेळतो. स्क्रिबल डॉट आयओ नावाचा ब्राउझरवरचा फुकट गेम आहे. एकाने चित्र काढायचं, बाकीच्यांनी ते काय आहे ते टाइप करायचं. ज्याची पाळी त्याला तीन शब्द दिसतात, त्यातला एक निवडायचा, मग आपण सेटिंग बदललं नसेल तर 80 सेकंद मिळतात. बाकीच्यांना वर फक्त रेघा दिसतात, जितकी अक्षरं तितक्या, आणि वेळ सरत आला की एखाददुसरं अक्षर गेमच उघडून देतो. लवकर ओळखलं तर जास्त पॉइंट, आणि काढणाऱ्यालाही पॉइंट मिळतात पण कोणी ओळखलं तरच. हे शेवटचं वाक्य माझ्या भावंडांनी अजून नीट वाचलेलं नाही असं माझं मत आहे. कोणीच ओळखलं नाही तर चित्र कितीही भारी असो, शून्य. असा खेळ आधी पुठ्ठ्याच्या डब्यात मिळायचा, पिक्शनरी, 1985 साली अमेरिकेतल्या सिएटलमध्ये रॉब एंजल नावाच्या वेटरने काढला. आमच्याकडे तो डबा कधी आला नाही, आमच्याकडे लॉकडाऊनमध्ये डायरेक्ट मोबाइलवरच आला.

आता जिंकायचं. खरं सांगू का, मला चित्र येत नाही हे खरंच आहे, शाळेत चित्रकलेत मी कसाबसा पास व्हायचो. पण मी चिन्हं काढलेली आहेत.

आमचे मामा पेंटर. यवतमाळ जिल्ह्यातल्या दारव्हा तालुक्यात, आजूबाजूच्या गावांत दुकानांच्या पाट्या, ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर मागे नावं, शाळेच्या भिंतीवर सुविचार, सगळं त्यांच्याकडे. आणि ग्रामपंचायतीची निवडणूक लागली की त्यांना श्वास घ्यायला फुरसत नसायची, कारण ग्रामपंचायतीत पक्षाचं चिन्ह नसतं, प्रत्येकाला मुक्त चिन्हांतलं काहीतरी मिळतं, कपबशी, छत्री, शिट्टी, नारळ, पतंग, आणि चिन्ह हातात पडल्यावर मतदानाला थोडेच दिवस उरतात. तेवढ्यात गावातल्या सगळ्या भिंती. कॉलेजात असताना दोन निवडणुका मी त्यांच्यासोबत डबे धरून फिरलो, मग एकट्याच्या भिंती मिळायला लागल्या.

मामाचा एकच नियम होता. काढून झालं की पंधरा पावलं मागं जायचं आणि डोळे बारीक करून पाहायचं. "बुढीले चष्म्याबिगर समजलं पायजे, मेंबरले आवडलं पायजे असं काई नाई." कपबशी काढताना मी आधी कपाला मस्त गोलाई द्यायचो, सावली द्यायचो, मामा म्हणत ते मरू दे, आधी कान काढ आणि खाली बशी काढ, कान नाही तर ती वाटी आहे आणि बशी नाही तर तो मग आहे, बाकी सगळं फालतू. छत्रीचं तसंच, खाली मुठीचा आकडा वळवला नाही तर ती छत्री नाही, कुत्र्याची छत्री. शिट्टी सगळ्यात बेकार. मी काढलेली पहिली शिट्टी हुबेहूब गोगलगाय दिसत होती आणि तो उमेदवार दुसऱ्या दिवशी सकाळीच मामाच्या दारात उभा, "माही गोगलगाय काऊन काढली?" तो पडला बिचारा. माझ्या शिट्टीमुळे नसेल, पण मला बरेच दिवस त्याच्या घरावरून जायची लाज वाटायची.

नंतर कुठेतरी वाचलं की निवडणूक आयोगात एम. एस. सेठी नावाचे ड्राफ्ट्समन होते, 1992 मध्ये रिटायर झाले, मतपत्रिकेवरची कितीतरी चिन्हं त्यांनी पेन्सिलने काढलेली. आणि 1951-52 च्या पहिल्या निवडणुकीत तर प्रत्येक उमेदवाराची पेटीच वेगळी होती, पेटीवर चिन्ह चिकटवलेलं, वाचता न येणाऱ्या माणसाने चिन्ह पाहून कागद आत टाकायचा. म्हणजे विचार करा, चित्र चुकलं तर मत चुकीच्या पेटीत. 80 सेकंदाचं काय घेऊन बसलात.

तर पाळी आली की मी तेच करतो. बैल आला तर अंग काढतच नाही, आधी शिंगं आणि वशिंड, तेवढ्यावर दोघं ओळखून मोकळे. पुण्याचा मोठा दादा मात्र आधी बादलीच्या टूलने आकाश निळं करणार, मग खाली हिरवं, मग डोंगर, आणि पन्नास सेकंद गेल्यावर बैलाची शेपटी. सुंदर असतं हो चित्र, फ्रेम करण्यासारखं, पण तोवर सगळे चहा पिऊन आले. धाकट्या बहिणीला पुसायची सवय, अर्धं झालं की सगळं पुसून परत सुरू, ती पुसते तेव्हा बघणाऱ्याच्या डोक्यात जे बनत होतं तेही पुसलं जातं हे तिला कितीदा सांगितलं. खराब झालेलं चित्र वाढवत न्यायचं, पुसायचं नाही.

तीन शब्दांतला कोणता घ्यायचा यात तर अर्धा गेम आहे. लोक सोपा वाटणारा घेतात. मी तो घेतो ज्याच्यासारखं दुसरं काही नाही. "आंबा" सोपा वाटतो पण तो काढल्यावर पेरू, पपई, बटाटा, दगड सगळं येतं. त्यापेक्षा "डवरा" घ्या, म्हणजे पिकातलं तण काढायचं बैलांचं अवजार, लाकूड, त्याला लोखंडी पास म्हणजे पातं, पुढे दोन बैलांच्या जागी दोन गोळे, झालं.

आता तुम्ही म्हणाल डवरा गेममध्ये कुठून आला. गेमच्या भाषांच्या यादीत मराठी नाही, पण आपले शब्द टाकायची सोय आहे, प्रायव्हेट रूम करायची आणि शब्द लिहून द्यायचे. इंग्रजी शब्दांवर आमची दोन-तीन शनिवारं गेली, मग आईने मागून विचारलं की "हे इग्लू म्हंजे काय असते?" तेव्हा आम्ही आमची यादी करायला घेतली. बंडी म्हणजे बैलगाडी, डवरा, पऱ्हाटी म्हणजे कपाशीचं झाड, बाज, सोले, पानगे, तान्हा पोळ्याचा लाकडी बैल, मारबत, कूलरला लावायच्या गवताच्या तट्ट्या, धुरा म्हणजे शेताचा बांध, शकुंतला. शकुंतला म्हणजे आमच्याकडची छोटी रेल्वे, मूर्तिजापूर ते यवतमाळ 113 किलोमीटर, दारव्ह्यावरून जायची, आता बंद पडली आहे. मी तीन डबे काढतो, बाजूला एक सायकल काढतो, आणि सायकल पुढे गेली असा बाण. गावचे सगळे पाच सेकंदात ओळखतात, हैदराबादला राहणारा भाऊ "ट्रेन, ट्रेन, ट्रेन" लिहीत बसतो.

स्पेलिंगवरून मात्र लय भांडणं झाली. मोबाइलवर सगळे इंग्रजी अक्षरांतच मराठी टाइप करतात, तेव्हा कापूसला एक ए की दोन, आणि पऱ्हाटी तर कोणी कशीही लिहितं. एका अक्षराने चुकलं की गेम सांगतो की जवळ आहे, पण जवळ असण्याचे पॉइंट नाहीत. मग ठरलं की दोन ए कुठेच नाही. ज्याने यादी बनवली त्याला स्पेलिंग पाठ असतं असा आरोप माझ्यावर आहे, आणि तो खरा आहे, यादी मीच टाइप केली होती. पण नंतर फिरती केली ना बाप्पा, आता दर महिन्याला वेगळा माणूस वीस शब्द टाकतो.

ओळखण्याच्या बाजूला फार काही कला नाही. रेघा मोजा, चुकीच्या उत्तराला दंड नाही म्हणून सुचेल ते टाकत राहा, कीबोर्डचं ऑटोकरेक्ट बंद ठेवा नाहीतर "बंडी"चं "बंडल" होऊन जातं. आणि चित्राकडे पाहू नका, काढणाऱ्याकडे पाहा. हे मी गंमत म्हणून नाही सांगत. दादाने हिरवं भरायला घेतलं म्हणजे शब्द शेतातला आहे, बहिणीने सुरुवातीलाच पुसलं म्हणजे माणसाचं काहीतरी आहे कारण तिला हात काढता येत नाहीत, मामेभाऊ पहिले दहा सेकंद काहीच काढत नाही म्हणजे खाण्याचं आहे आणि तो विचारात पडलाय की पोळी आणि पापड वेगळा कसा दाखवू. सात-आठ माणसं आहेत आम्ही, सगळ्यांच्या सवयी मला पाठ आहेत. रब्बीत ओलिताला रातची लाईन, म्हणजे वीज, असली की मी धुऱ्यावर बसून खेळतो, मोटर चालू, अंगावर घोंगडी, एक डोळा दांडातल्या पाण्यावर आणि एक स्क्रीनवर, तरी जिंकलोय. नेट मात्र तिथे मिळतं, घरात मिळत नाही, का ते विचारू नका.

हे सगळं ऐकून मामेभाऊ म्हणाला की मग ये आमच्या ऑफिसच्या टीमसोबत खेळ, शुक्रवारी आमचं असतं. पुण्यातली आयटीची पोरं, सगळी छान बोलणारी. मी गेलो. पहिल्याच पाळीला शब्द आला "समर". उन्हाळा! मनात म्हटलं गेले हे सगळे. मी कूलर काढला. पत्र्याचा डबा, बाजूला तट्ट्यांच्या आडव्या रेघा, समोर पंखा, खालून टपकणारं पाणी, पायाशी बादली. आमच्याकडे 45 डिग्रीत मे महिन्यात घराघराच्या खिडकीत हाच असतो, तट्ट्या बदलायला आणल्या म्हणजे उन्हाळा लागला, यापेक्षा पक्की खूण नाही. त्यांचे अंदाज आले: टीव्ही. ओव्हन. वॉशिंग मशीन. एकाने लिहिलं बॉम्ब. शेवटचे दहा सेकंद राहिले तेव्हा मी हार मानून कोपऱ्यात सूर्य काढला आणि एका मुलीने ओळखलं. तिनं नंतर सांगितलं की तिचं आजोळ अकोल्याचं आहे, तिला कूलर आधीच कळला होता पण तिला वाटलं शब्द "कूलर"च आहे आणि रेघा जुळत नव्हत्या. पुढे इंग्रजीतलं "वेल" आलं, मी विहीर काढली, उत्तरं आली कमोड, केक, ड्रम. शेवटून पहिला आलो. चिन्ह तेच, भिंत तीच, पण समोरची बुढी वेगळ्या गावची होती.

आणि आता हे सांगायलाच पाहिजे, कारण मावशीने पंगतीत विचारलं तेव्हा मी सांगितलं नाही. गेल्या वर्षी दादाचं लग्न झालं, वहिनी कोकणातल्या. सुरुवातीला त्या आमच्या यादीवर वैतागायच्या. "सांबार" आलं, बहिणीने कोथिंबिरीची जुडी काढली, वहिनी सगळं लिहून थकल्या, मेथी, पालक, गवत, झाड, आणि उत्तर सांबार. "अहो सांबार इडलीबरोबर असतं ना?" मग "गंज" आलं, आईने माझ्या फोनवरून काढलं, नुसतं एक भांडं, बाकी काही नाही, मी लगेच लिहिलं, वहिनी म्हणाल्या गंज म्हणजे लोखंडाला चढतो तो, भांड्याला कोण गंज म्हणतं. आई म्हणाली, "आमच्याकडं सारेच म्हंतात." दोन महिने त्या शेवटी होत्या. काही बोलल्या नाहीत.

मग त्यांची यादी करायची पाळी आली. वीस शब्द.

पहिलाच शब्द त्यांनी काढला, एक बाई वाकलेली, पाठीवर काहीतरी होडीसारखं उलटं. मी लिहिलं कासव, होडी, टोपली, सूप, शेवटी पाळणा. वेळ संपली. इरलं. बांबूचं आणि पानांचं असतं म्हणे, पावसात भात लावताना पाठीवर घेतात. दुसरा शब्द, घर, घरापुढे मोकळी जागा, तुळशीवृंदावन. तुळस लिहिलं, अंगण लिहिलं, वाडा लिहिलं. उत्तर खळं. मी म्हटलं वहिनी हे चुकीचं आहे, खळं म्हणजे तिथे तूर काढतात, शेतात असतं. त्या म्हणाल्या, "आमच्याकडे सगळेच म्हणतात." आई मागे हसत होती.

त्या रात्री त्या पहिल्या आल्या, मी पाचवा. त्यांनी काढलेलं दादा ओळखतो, दादाचं त्या ओळखतात, आणि आता आमचेही शब्द त्यांना सगळे पाठ आहेत, सांबार तर त्या हिरव्या रंगाचा पहिला ठिपका पडला की लिहितात. गेले तीन शनिवार त्याच जिंकताहेत. तेव्हा इथून पुढं कसं जिंकायचं ते त्यांना विचारा, आणि कोणाला इरलं कसं दिसतं त्याचा फोटो मिळाला तर मला पाठवा, यादीत ते अजून आहे.