घर तर आधीपासूनच होतं की!

बेळगावच्या शहापूरला राहणारी माझी आत्या, मी कलादिग्दर्शन केलेला चित्रपट पाहून आली आणि म्हणाली, ‘‘घर तर आधीपासूनच होतं की रे तिथं, मग तू काय केलास?’’ हाच प्रश्न बेळगावातली इतर मंडळी थोड्या आदबीने विचारतात. त्याच एका घराच्या आधारे उत्तर देतो.

चित्रपटाचे सगळे दृश्यरूप ठरवणारा तो ‘प्रॉडक्शन डिझायनर’. ही पदवी ‘गॉन विथ द विंड’ या चित्रपटासाठी १९३९ मध्ये विल्यम कॅमेरॉन मेन्झिस यांना मिळाली, कारण सेटबरोबरच प्रत्येक दृश्याची मांडणी आणि रंग त्यांनी आधी रेखाटून ठरवले होते. आपल्या शेजारी कोल्हापुरात बाबूराव पेंटर आणि पुढे ‘प्रभात’ फिल्म कंपनीचे साहेबमामा फत्तेलाल यांनी हे काम त्याच्याही आधीपासून केले होते. दोघेही मुळात चित्रकार होते.

आमची कथा ऑक्टोबर १९५६ मध्ये सुरू होते आणि पुढच्या उन्हाळ्यात संपते. रेकी करताना, म्हणजे चित्रीकरणाच्या जागा शोधताना, खानापूर तालुक्यातल्या जांबोटीच्या बाजूला एक घर सापडले. जांभ्याच्या भिंती, ओसरी आणि वर मंगळुरी कौले. ही कौले बासेल मिशनच्या कारखान्यात १८६५ पासून तयार होऊ लागली, त्यामुळे १९५६ च्या घरावर ती शोभतात. कथा पेशवाईतली असती तर सगळे छप्पर उतरवून नळीची कौले चढवावी लागली असती. विजेचा मीटर आणि फरशी झाकणे सोपे होते. अवघड होता तो भिंतींना दिलेला नवा ऑइल पेंट, कारण त्याने त्या घरातल्या माणसांच्या सगळ्या खुणा पुसून टाकल्या होत्या.

त्या खुणा परत आणण्याला आम्ही एजिंग म्हणतो, आणि माझ्या मते या कामात सर्वांत जास्त विचार इथेच लागतो. नवखा पेंटर भिंतीवर सगळीकडे सारखाच मळका रंग मारतो आणि घर जुने दिसण्याऐवजी केवळ घाणेरडे दिसते. जुनेपणाला कारण असावे लागते. खानापूरच्या पावसात ओल जोत्यापासून वर चढते, म्हणून भिंत खालून काळवंडते. चुलीचा धूर आढ्याकडे जातो, म्हणून स्वयंपाकघर वरून काळे होते. देवळीच्या, म्हणजे भिंतीतल्या कोनाड्याच्या, वर दिव्याच्या काजळीची निमुळती जीभ उमटते. आणि ओसरीवर म्हातारा माणूस रोज ज्या जागी टेकून बसतो, तिथे बसलेल्या माणसाच्या डोक्याच्या उंचीवर खोबरेल तेलाचा डाग पडतो. आमच्या कथेतले आजोबा पहिल्या प्रसंगाच्या आधीच वारलेले आहेत, पडद्यावर ते एकदाही येत नाहीत. तरीही तो डाग आम्ही त्यांच्यासाठी घातला, आणि त्यांच्या मुलाचे काम करणारा नट सबंध चित्रपटात त्या जागी टेकून बसला नाही. त्याला कोणी तसे सांगितले नव्हते.

गावातल्या दुकानाचेही असेच होते. पहिल्या भागातल्या किमतींच्या पाट्या आण्यांत लिहिल्या. १ एप्रिल १९५७ ला नया पैसा आला, म्हणून उन्हाळ्यातल्या प्रसंगात दुकानदाराच्या मागे आणे आणि नव्या पैशांचा तक्ता टांगला. तराजूतली वजने मात्र शेराचीच ठेवली, कारण मेट्रिक वजने १९५८ पासून येऊ लागली.

शाळेच्या प्रसंगात माझ्या हातून चूक झाली. वर्गाच्या भिंतीसाठी प्रॉपर्टीत, म्हणजे चित्रीकरणाच्या सामानात, एक सुंदर, कडा फाटलेला नकाशा मिळाला आणि त्याच्या जुनाटपणावर भाळून मी तो तसाच टांगला. गर्दीच्या दृश्यासाठी आलेले एक निवृत्त गुरुजी चष्मा वर करून तो वाचू लागले आणि हळूच म्हणाले, ‘‘अहो, यात महाराष्ट्र आहे.’’ महाराष्ट्र राज्य १ मे १९६० चे. १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत बेळगाव मुंबई राज्यात होते आणि त्या दिवसापासून म्हैसूर राज्यात गेले. आमची कथा नेमकी त्या तारखेच्या दोन्ही बाजूंना घडते. आपल्या भागात ज्या रेषेबद्दल लहान मूलही बोलते, तीच मी पाहिली नव्हती, याचे मला आजही वाईट वाटते. त्या रात्री आम्ही मुंबई राज्याचा नकाशा हाताने रंगवला, आणि नोव्हेंबरनंतरच्या प्रसंगांत नकाशाच ठेवला नाही. तिथे फक्त भिंतीवरचा फिकट चौकोन आणि खिळा दिसतो.

आता आत्याच्या प्रश्नाकडे येतो. ओसरी जांबोटीची, पण माजघर आम्ही कोल्हापूरच्या चित्रनगरीत उभारले होते. खऱ्या माजघरात कॅमेरा मागे न्यायला जागा नव्हती. सेटची भिंत हवी तेव्हा काढता येते. प्रकाशही आपल्या हातात राहतो. सत्यजित राय यांच्या ‘अपराजितो’साठी कलादिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्त यांनी बनारसच्या घराचा चौक कलकत्त्याच्या स्टुडिओत उभारला, तेव्हा छायालेखक सुब्रत मित्र यांनी चौकावर पांढरे कापड ताणून त्यावरून प्रकाश परतवला आणि उघड्या आभाळाचा सावलीविरहित उजेड मिळवला. आमच्या माजघराला मात्र काळोख हवा होता. ओसरीच्या दारातून येणारा एकच पट्टा आम्ही ठेवला.

या दोन जागा जोडणारी वस्तू म्हणजे उंबरा. मूळ घराचा उंबरा मधोमध दोन बोटे झिजलेला होता. सुताराने सागाच्या नव्या लाकडात तेवढाच खोलगटपणा तासला, पॉलिश पेपरने घासला आणि तेल पाजले. आत्याने पाहिलेल्या प्रसंगात सून उजवा पाय उचलते तेव्हा ती जांबोटीला असते, आणि तो पाय आत टेकतो तेव्हा कोल्हापुरात.