किडलाय म्हणता, मग भरत का नाही?

तुम्ही विचारलंत म्हणून लिहितेय. नाहीतर गेली कित्येक वर्षं हे उत्तर मी खुर्चीशेजारी उभं राहून तुकड्यातुकड्यांत देतेय, आणि बाहेर कुणीतरी गाल धरून बसलेलं असतं म्हणून ते कधीच पूर्ण होत नाही.

प्रश्न ठरलेला आहे. "मॅडम, दात किडलाय असं तुम्हीच सांगता, आरशात तुम्हीच दाखवता, मग भरत का नाही?" पेशंट विचारतात, सोलापुरातले माझ्याच बॅचचे लोक विचारतात, घरी जाऊबाई विचारतात. काही जण दुसरीकडे जाऊन एका दुपारी चार दाढा भरून येतात आणि मला येऊन दाखवतात. ते ठीक आहे. पण मी मुद्दाम थांबते, म्हणजे दात सडून रूट कॅनलपर्यंत जावा आणि बिल वाढावं, असंही माझ्या मागे बोललं गेलंय, आणि ते मला लागलंय. भरणं हेच सोपं काम आहे हो. वीस मिनिटं, रोख पैसे, पेशंट खूश. "आज नको" हे सांगायला अर्धा तास जातो आणि त्याचे पैसे कुणी देत नाही.

थोडा दोष आपल्या शब्दाचा पण आहे. आपण "कीड" म्हणतो. कीड म्हटलं की डाळीतली, ज्वारीतली आठवते, ती निवडून फेकायची असते, ठेवून कोण देतं? आणि "किडणं" या शब्दाला पायऱ्या नाहीत, दात एक तर चांगला नाहीतर किडलेला. तोंडात तसं नसतं. गोड खाल्लं की जंतू आम्ल करतात, पीएच साडेपाचच्या खाली गेला की दातातलं कॅल्शियम सुटायला लागतं, मग अर्ध्या-पाऊण तासात लाळ ते सावरते आणि गेलेलं थोडं परत भरून काढते. दिवसभर ही ओढाताण चालू असते. दिवसातून सहा वेळा गोड चहा आणि सोबत बिस्किटं असतील तर लाळेला सवडच मिळत नाही. पण ते बदललं, फ्लोराइडची पेस्ट नीट वापरली (नुसतं थुंकायचं, खळखळून चूळ भरायची नाही), तर सुरुवातीची कीड थांबते. खरंच थांबते. डाग राहतो, पण पांढरा खडूसारखा भाग गुळगुळीत, चकचकीत आणि टणक होतो.

मी काय बघते ते सांगते. दाढ पुसायची, आणि मग पाच सेकंद हवा मारायची. ओली असताना काहीच दिसत नसतं, आणि हवा मारता मारता खाचेच्या कडेला पांढरट पट्टा वर येतो, काचेवर वाफ धरावी तसा. लाळ आली की परत गायब. हा कोड १. ओल्या दातावरही दिसला तर कोड २. वरचं कवच बारीकसं तुटलं असेल पण आतला पिवळा भाग उघडा पडला नसेल तर ३. कवचाखालून काळपट सावली दिसते तो ४, खड्डा पडून आतलं दिसायला लागलं की ५, आणि अर्धी दाढ गेली की ६. शून्य म्हणजे काही नाही. ही आयसीडीएएसची, म्हणजे कीड किती पुढे गेलीये ते नुसतं बघून मोजायची पद्धत, २००५ च्या सुमारास पक्की झालेली. १ आणि २ ला ड्रिल लावायचंच नाही, ५ आणि ६ ला बहुतेक लावावंच लागतं, आणि डॉक्टरची खरी परीक्षा मधल्या ३ आणि ४ ला असते.

आम्ही शिकलो ते हे नव्हतं. बीडीएसच्या, म्हणजे दाताच्या डॉक्टरकीच्या, दुसऱ्या वर्षी प्लास्टिकच्या दातांत खड्डे कोरायचे, ते ब्लॅकच्या क्लासप्रमाणे. दाढेच्या खाचेत तो क्लास १, दोन दाढांच्या मध्ये तो २, असं पाचपर्यंत. जी. व्ही. ब्लॅक या अमेरिकन माणसाचं पुस्तक १९०८ चं. त्याचे क्लास कीड कुठे आहे ते सांगतात, किती खोल आहे आणि चालू आहे की थांबलीये ते सांगत नाहीत, कारण ते भरण्यासाठीच बनवलेत. शिवाय शेजारची चांगली खाचही कापून घ्यायची, म्हणजे पुढे तिथे लागायला नको. त्याच्या काळात ते बरोबर होतं, तेव्हा फ्लोराइड पेस्ट नव्हती, दाताला चिकटणारं सिमेंट नव्हतं, चांदी अडकून बसायला खड्डा मोठाच लागायचा. मी त्याला नावं ठेवत नाही. पण आम्हाला मार्क मिळायचे ते खड्ड्याच्या भिंती किती सरळ यावर, आणि "हा दात उघडायचाच कशाला" हे निदान माझ्या व्हायवात तरी कुणी विचारलं नाही.

त्यामुळे पहिली पाच-सहा वर्षं मी पण दिसेल ते भरलं. पूर्व भागातल्या एका बाईंच्या दाढेतला मिश्रीचा काळा डाग मी कीड समजून उघडला, खाली दात दगडासारखा टणक निघाला. तरी भरला, कारण आता भोक मीच पाडलं होतं. तेव्हा भरलेले कितीतरी दात पुढे माझ्याकडेच परत आलेत. सिमेंट कडेने सुटलं, ते काढून थोडं मोठं भरलं, मग एक भिंत तुटली, मग रूट कॅनल, मग कॅप. एकदा ड्रिल लावलं की दात या रांगेत उभा राहतो आणि रांगेतून परत बाहेर येत नाही. हे डोळ्यांनी बघितल्यावर मी थांबायला शिकले, आणि शिकले तेव्हा जरा जास्तच पक्की शिकले.

आता ती गोष्ट, जी सांगितल्याशिवाय वरच्या सगळ्याला काही अर्थ नाही.

विडी घरकुलातून, म्हणजे सोलापुरातल्या विडी कामगारांच्या वसाहतीतून, एक आई नऊ वर्षांच्या मुलीला घेऊन आली होती. घरात तेलुगू, माझ्याशी मराठी. विड्या कारखान्यात देऊन तशीच आलेली, हाताला तंबाखूचा वास, पिशवीत रिकामं सूप. मुलीची उजवी खालची दाढ, पक्की, सहाव्या वर्षी येते ती. मी हवा मारली, खाच तपकिरी, एका जागी कवच बारीकसं खचलेलं. कोड ३. एक्स-रे काढला, आत फार काही नाही. दुखत नव्हतंच. आई म्हणाली, "आज आलेय तर आजच भरून टाका की मॅडम, परत यायला जमत नाही, एक दिवस गेला की हजार विड्या जातात."

तिने हे सांगितलं होतं. स्पष्ट, माझ्या तोंडावर. मला ऐकू पण आलं होतं.

आणि मी तिला समजावत बसले. मला त्या दिवसांत या विषयाची एवढी तळमळ होती की मी शब्द पण बदलला होता, "किडलाय" म्हटलं की लोक भरायच्या मागे लागतात म्हणून मी "कमजोर झालाय" म्हणायला लागले होते. तर मी म्हणाले, "अक्का, किडला नाहीये अजून, नुसता कमजोर झालाय, औषध लावते, दर तीन महिन्यांनी दाखवायला आणा." फ्लोराइड वार्निश लावलं, ब्रश कसा धरायचा दाखवलं, बिस्किटं कमी करा म्हणाले. ती मान हलवत होती. जाताना मला फार बरं वाटलं होतं, एक दात ड्रिलपासून वाचवला म्हणून.

ती परत आली एक वर्ष दहा महिन्यांनी. मुलीचा गाल सुजून डोळ्याखालपर्यंत आलेला, अंगात ताप, तीन रात्री झोप नाही, मेडिकलमधून आणलेल्या गोळ्यांवर ढकललेल्या. तोंड दोन बोटं पण उघडत नव्हतं. सूज उतरायला औषधं दिली, चार दिवसांनी नीट बघता आलं तर दाढेचा मागचा भाग हिरडीखाली तुटलेला, मुळांच्या मध्येही गेलेलं. वाचवायला काही उरलंच नव्हतं. काढली.

ती दाढ काढताना मुलगी रडली नाही, माझ्या ॲप्रनचं टोक मुठीत धरून बसली होती. काढून झाल्यावर मी जुनं कार्ड शोधलं. माझ्याच अक्षरात, निळ्या पेनाने: ४६ (हा त्या उजव्या खालच्या दाढेचा नंबर), कोड ३, वार्निश, ३ महिन्यांनी. सगळं बरोबर लिहिलेलं. आई कापूस धरून उभी होती, तिने भांडण केलं नाही, नुसतं विचारलं, "तेव्हा भरलं असतं तर राहिला असता का हो?"

मी म्हणाले, "हो. बहुतेक राहिला असता."

आणि मग तिने मला विचारलं, जे मला अजून झोपू देत नाही, "पण तुम्ही किडला नाही म्हणालात ना?" तिचं काय चुकलं? किडलेला नाही त्या दातासाठी कुठली बाई तीन तीन महिन्यांनी रोज बुडवून येईल? मी शब्द मऊ केला आणि त्या शब्दानेच तिला घरी ठेवलं.

आता माझ्यातली जुनी मी इथे उठून म्हणते, बघ, म्हणून मी सगळं भरत होते. तिला माझं उत्तर आहे, पण ते पूर्ण नाही. त्या मुलीला ड्रिलची गरज तेव्हाही नव्हती. तिला त्याच दिवशी खाच बंद करून हवी होती, सीलंट म्हणजे खाचेवर पातळ लेप, नाहीतर ग्लास आयनोमर हे दाताला चिकटणारं सिमेंट सरळ बोटाने दाबून, दहा मिनिटांचं काम, सुई नाही की ड्रिल नाही. वरून घट्ट बंद केलं की खालच्या जंतूंना खायला मिळत नाही. स्कॉटलंडच्या डॉ. नॉर्ना हॉल दुधाच्या किडलेल्या दाढांवर काही न कोरता नुसती स्टीलची कॅप बसवायच्या, त्यांच्या कामाची नोंद २००६ मध्ये छापून आली, आणि त्या दाढा टिकल्या होत्या. हे मी वाचलेलं होतं! म्हणजे "थांबणं" आणि "काहीच न करणं" यातला फरक मला माहीत होता, तरी मी त्या दिवशी तीन महिन्यांनी बघू या म्हणाले, जणू तीन महिने सगळ्यांकडे सारखेच असतात.

तेव्हापासून मी कार्डावर कोडच्या शेजारी अजून एक गोष्ट लिहिते: परत येणं जमेल का. विचारूनच लिहिते. नाही म्हणाले तर ३ ला त्याच बैठकीत सील. लहान मुलांच्या दुधाच्या दातांना सिल्व्हर डायमाइन फ्लोराइड लावते, ते २०२१ पासून जागतिक आरोग्य संघटनेच्या अत्यावश्यक औषधांच्या यादीत आहे, किडीला जागच्या जागी थांबवतं. किडलेला भाग मात्र कोळशासारखा काळा होतो, पुढच्या दाताला लावायचं म्हटलं की आजी नको म्हणतात, आणि मी जबरदस्ती करत नाही. आणि "किडलाय" हाच शब्द वापरते परत. "किडलाय, पण आज ड्रिल लागत नाही, आणि आला नाहीत तर लागेल." वाक्य लांब आहे, त्यावरूनच तुमचा प्रश्न परत येतो, पण यापेक्षा खरं वाक्य मला अजून सापडलेलं नाही.

पण एक सल राहतोच. होटगी रोडचा कॉलेजचा मुलगा येतो, तोच कोड ३, त्याचा बाप कॅलेंडरमध्ये तारीख टाकतो, म्हणून मी त्या दाताला वाट बघायची मुभा देते. घरकुलातल्या मुलीच्या दाताला मी ती देत नाही. दात तोच, खाच तीच. हे बरोबर आहे का? माझा एक मित्र म्हणतो हेच खरं निदान, माणसासकट दात बघायचा. मला कधी पटतं, कधी वाटतं की गरिबाच्या तोंडात आपण लवकर हात घालतो आणि त्याला छान नाव देतो. तीन महिन्यांनी फोन करायला मी एक मुलगी ठेवलीये. निम्मे नंबर लागत नाहीत, रिचार्ज संपलेला असतो.

ती मुलगी आता तेरा वर्षांची आहे, येते माझ्याकडे, आई शाळेच्या सुट्टीत आणते. सहाव्या वर्षी येणाऱ्या उरलेल्या तीन दाढांपैकी दोन मी सील केल्यात, आणि डाव्या खालच्या दाढेच्या गालाकडच्या बाजूला, हिरडीजवळ, एक पांढरा डाग आहे, कोड २. गेल्या वेळी खरखरीत होता, या वेळी थोडा चकचकीत वाटला. आई दर वेळी माझ्या खांद्यावरून वाकून बघते आणि विचारते, "भरायचं का आता?" मी हवा मारते, पाच सेकंद मोजते, परत बघते, आणि अजून तरी नाही म्हणते.