माइनक्राफ्टमध्ये जातं बसवताना: मॉड, परवाना आणि मोजांगचे नियम (माझा अनुभव)

जातं, पाटा-वरवंटा आणि जांभ्याचा चिरा असे तीन ब्लॉक आणणारा एक छोटा मॉड, म्हणजे गेममध्ये भर घालणारा जोड-प्रोग्राम, मी माइनक्राफ्ट या ठोकळ्यांच्या गेमच्या जावा एडिशन 1.21.1 साठी फॅब्रिक लोडरवर (मॉड गेममध्ये चढवणारा प्रोग्राम) केला. ब्लॉक चालते करायला जेवढा वेळ लागला, त्याहून जास्त वेळ एकच गोष्ट तपासण्यात गेला: या फायलींमधलं माझं किती आणि मोजांगचं (माइनक्राफ्ट बनवणाऱ्या कंपनीचं) किती? मॉडविषयीचे जवळपास सगळे नियम शेवटी याच प्रश्नावर येऊन थांबतात. हा प्रश्न पहिल्या दिवशी सोडवला तर काम सोपं जातं. मॉड तयार झाल्यावर सोडवायला घेतला तर अर्धा मॉड पुन्हा लिहावा लागतो.

सुरुवात ईयूलापासून, म्हणजे गेम वापरण्याच्या करारापासून करा. माइनक्राफ्टचा ईयूला लांबलचक नाही आणि भाषाही बरीच सरळ आहे, तासाभरात नीट वाचून होतो. मॉडरच्या दृष्टीने त्यात दोन शब्द महत्त्वाचे आहेत. पहिला 'मॉड': तुम्ही स्वतः, मुळापासून केलेली गोष्ट, जिच्यात मोजांगच्या कोडचा किंवा चित्र-आवाजाचा मोठा भाग नाही. ती तुमच्या मालकीची. दुसरा 'मॉडेड व्हर्जन': मूळ गेम आणि मॉड एकत्र करून बनवलेली प्रत. ती वाटायला परवानगी नाही. मॉड विकायलाही नाही. आणि मॉड कशाला म्हणायचं यावर शेवटचा शब्द मोजांगचा, हेही तिथेच लिहिलेलं आहे.

पूर्वी गेमची जार फाइल (जावा प्रोग्रामची गठडी) उघडून तिच्यात आपले क्लास (कोडच्या फायली) टाकायची पद्धत होती. ती जार मित्राला पाठवली की मॉडेड व्हर्जन वाटल्यासारखंच व्हायचं. आता लोडर ही अडचण येऊ देत नाही. खेळणाऱ्याकडे त्याने विकत घेतलेला गेम असतो, आपली जार मॉड्स फोल्डरमध्ये असते, आणि गेम सुरू होताना बदल फक्त मेमरीत होतात. मूळ फाइलला हात लागत नाही.

मॉड लिहिताना मात्र गेमचा कोड समोर लागतोच. फॅब्रिकचं लूम हे टूल गेम थेट मोजांगच्या सर्व्हरवरून तुमच्या मशीनवर उतरवतं आणि वाचता येईल असा सोर्स तिथल्या तिथे तयार करतं. तो सोर्स मशीनवरच्या तात्पुरत्या साठ्यात (कॅशमध्ये) राहतो, आपल्या गिट रेपोत (आपला कोड ठेवायच्या जागेत) येत नाही. तो आपण हाताने आणला तरच येतो, आणि चूक नेमकी इथेच होते. माझ्या जात्यात गहू टाकला की ठरावीक वेळाने पीठ निघतं. हे काम गेममधल्या भट्टीच्या कामासारखंच असल्यामुळे भट्टीचा अख्खा क्लास कॉपी करायचा, नाव बदलायचं आणि इंधनाचा भाग काढून टाकायचा, हा रस्ता सगळ्यात जवळचा दिसतो. पण मग शेकडो ओळी मोजांगच्या आणि दहा-बारा ओळी आपल्या, असा क्लास आपल्या नावाने रेपोत चढतो. ईयूलाच्या व्याख्येत तो बसत नाही.

त्यापेक्षा कोरा क्लास घ्या. दोन खण, एक गव्हाचा आणि एक पिठाचा. एक मोजणी, जी दर टिकला (गेमच्या घड्याळाच्या ठोक्याला) एकाने वाढते. गेम सेकंदाला 20 टिक चालतो, म्हणजे 200 टिकला दहा सेकंद. गव्हाचा खण रिकामा झाला किंवा पिठाचा भरला की मोजणी शून्यावर. हे सगळं शंभर-सव्वाशे ओळींत होतं आणि त्यातली प्रत्येक ओळ आपली असते. जिथे गेमचंच वागणं बदलायचं असेल, तिथे अख्खी मेथड (कोडमधलं एक पूर्ण काम) उचलून आणू नका, मिक्सिनने (गेमच्या कोडमध्ये आपला कोड घालायच्या सोयीने) हव्या त्या जागी आपला तुकडा घाला.

नावांच्या नकाशांचंही बघा. गेमच्या कोडमधली नावं बरीच वर्षं मुद्दाम अगम्य केलेली असायची. मोजांगने 2019 पासून त्यांचे अधिकृत नकाशे, म्हणजे कुठल्या अगम्य नावाचं खरं नाव काय याच्या याद्या, द्यायला सुरुवात केली. ते मॉड लिहायला वापरता येतात, पण पूर्ण नकाशाची फाइल जशीच्या तशी पुढे वाटता येत नाही. यार्न हे फॅब्रिकच्या लोकांनी केलेले नकाशे सीसी-झिरोखाली (सगळे हक्क सोडून देणारा परवाना) आहेत, त्यांना असं बंधन नाही. मी यार्न घेतलं. ऑक्टोबर 2025 मध्ये मोजांगने जावा एडिशनची नावं लपवणंच बंद करणार असल्याचं जाहीर केलं, त्यामुळे नव्या आवृत्त्यांसाठी हा मुद्दा मागे पडेल. 1.21.1 साठी मात्र तो आजही आहे.

बिल्ड झाल्यावर एक तपासणी कधीही चुकवू नका. जार म्हणजे झिपच. ती उघडा. आत तुमच्या पॅकेजचं फोल्डर, अ‍ॅसेट्स, डेटा, मॉडची माहिती देणारी जेसन फाइल आणि परवाना एवढंच दिसायला हवं. 'नेट' आणि त्याच्या आत 'माइनक्राफ्ट' असं फोल्डर दिसलं तर थांबा, गेमचे क्लास आत शिरलेत. बिल्डच्या फोल्डरमध्ये शेजारीच सोर्सची वेगळी जार असते. घाईत तीच अपलोड होते आणि मग लोक कळवतात की मॉड चालत नाही.

चित्रांच्या बाबतीत मोह अजून मोठा. गेममध्ये ग्राइंडस्टोन (धार लावायचा दगड) आधीपासून आहे. त्याचं टेक्स्चर (पृष्ठभागाचं चित्र) घेऊन थोडं गडद केलं की जात्यासारखं दिसतं. पण रंग बदलला म्हणून चित्र आपलं होत नाही. 16 बाय 16 पिक्सेल म्हणजे 256 चौकोन, ते स्वतः भरायला एक संध्याकाळ पुरते. जांभ्यासाठी मी फोटो लहान करून पाहिला, सगळा चिखल झाला. मग हातानेच पाच छटा ठरवल्या: विटकरी तीन, त्यांच्यात पिवळसर एक, आणि भोकांसाठी जवळपास काळी एक. जांभ्याची ओळख त्याच्या भोकांत आहे. ती एकसारख्या अंतरावर टाकली तर भिंत बांधल्यावर जाळी दिसते, म्हणून दोन-तीन भोकं एकमेकांना चिकटवून बाकीची विखरून टाकली.

मॉडेलच्या फायलींत नक्कल करायचं कारणच नसतं. चिरा हा साधा ठोकळा आहे. गेममधल्या ठोकळ्याच्या मॉडेलला 'पालक' (पॅरेंट) म्हणून नाव दिलं की झालं, ती फाइल आपल्या जारमध्ये येत नाही. दगड फोडल्याचा आवाजही असाच नाव देऊन वापरता येतो. संदर्भ दिलात तर गेम स्वतःच्या फायलीतून ती गोष्ट उचलतो. फाइलच आणून ठेवलीत तर तुम्ही ती वाटायला लागलात.

जातं गोल, आणि या आवृत्तीत ठोकळा फिरतो तो फक्त 0, 22.5 आणि 45 अंशांत, कोणत्याही दिशेला पण एकाच अक्षावर. म्हणून 14 पिक्सेल लांब आणि 5.8 रुंद असे चार ठोकळे घेतले: एक सरळ, एक लांबी-रुंदी उलटी करून, दोन 45 अंशांत डावी-उजवीकडे. त्यातून अष्टकोन तयार होतो आणि चार पावलांवरून तो गोलच वाटतो. चारही ठोकळ्यांची वरची बाजू एकाच उंचीवर आली की चित्र लुकलुकतं. प्रत्येकाला 0.02 ने वर-खाली केलं की थांबतं. हे सगळं ब्लॉकबेंच या मोफत टूलमध्ये करता येतं.

जात्याची घरघर हवी होती, ती खऱ्या जात्याची रेकॉर्ड केली. फाइल ऑग व्हॉर्बिसमध्ये आणि मोनोच ठेवायची. स्टिरिओ ठेवली तर आवाज अंतरानुसार कमी होत नाही, जातं कुठेही असलं तरी कानाशीच वाजतं. सोबत जात्यावरची ओवी ठेवावी असं मनापासून वाटत होतं. ओवीचे शब्द परंपरेचे असतात, पण रेकॉर्डिंग परंपरेचं नसतं. आपल्या 1957 च्या कॉपीराइट कायद्यात ध्वनिमुद्रणाचा हक्क 60 वर्षं आणि गाणाऱ्याचा स्वतःचा हक्क 50 वर्षं टिकतो. नेटवर सापडलेली ओवी म्हणून चालणार नाही. कुणी गायली, तर मॉडमध्ये वापरायची आणि मॉडबरोबर वाटायची लेखी संमती त्या बाईंकडून घ्यायला हवी. तशी संमती हातात नव्हती, म्हणून ओवी ठेवली नाही, फक्त घरघर ठेवली.

नाव ठरवताना 'माइनक्राफ्ट' हा शब्द पुढे येता कामा नये. आधी आपलं नाव, मग लागलंच तर 'माइनक्राफ्टसाठी' असं. गेमचा लोगो आणि ती ठोकळ्यांची अक्षरं आयकॉनमध्ये वापरू नका. हे अधिकृत उत्पादन नाही, मोजांग किंवा मायक्रोसॉफ्टची त्याला मान्यता नाही आणि त्यांच्याशी संबंधही नाही, हे सांगणारं वाक्य त्यांच्या वापराच्या नियमांत तयार दिलंय. ते इंग्रजीत, शब्दही न बदलता वर्णनात टाका. मॉडचा आतला आयडी इंग्रजी लहान लिपीतच लागतो, अक्षराने सुरू होणारा, 2 ते 64 अक्षरांचा. तो एकदा ठरला की बदलू नका. बदललात तर जुन्या जगात ठेवलेले ब्लॉक नाहीसे होतात.

ब्लॉकची नावं देवनागरीत दिली तर ती दिसतात, पण नीट जुळत नाहीत. जावा एडिशन अक्षरं एकामागे एक मांडतं, देवनागरीची जुळणी करत नाही. 'चिरा' लिहिलं तर वेलांटी च च्या आधी येण्याऐवजी नंतर पडते आणि र ची वाटते. जोडाक्षरं पाय मोडून सुटी दिसतात. 'जातं' आणि 'पाटा' मात्र व्यवस्थित दिसतात. म्हणून चिऱ्याचं नाव मी नुसतं 'जांभा' ठेवलं. पाट्याबरोबरचा वरवंटा सुदैवाने बिनवेलांटीचा आहे.

पैशांबद्दल प्रत्येक प्रकाशकाचं वेगळं, म्हणून एका गेमचा अनुभव दुसऱ्याला लावू नका. माइनक्राफ्ट जावाचा मॉड विकायचा नाही, विक्रीचा अधिकृत रस्ता आहे तो बेडरॉक या माइनक्राफ्टच्या दुसऱ्या एडिशनच्या मार्केटप्लेसमधून. ब्लिझार्ड कंपनीने वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट या गेमच्या अ‍ॅडऑनसाठी 2009 मध्येच सांगितलं: फुकट द्या, कोड उघडा ठेवा, गेमच्या आत जाहिरात करू नका आणि देणगीही मागू नका. त्याच कंपनीने 2020 मध्ये वॉरक्राफ्ट 3 वर लोकांनी केलेले खेळ स्वतःच्या मालकीचे ठरवले. डोटा हा गाजलेला गेम मूळचा वॉरक्राफ्ट 3 साठी लोकांनी केलेल्या नकाशातून (खेळाच्या मैदानातून) आला, हे लक्षात घेतलं की या कलमाचं वजन कळतं. स्कायरिम या गेमची कंपनी बेथेस्डा आणि स्टीम हे गेमचं ऑनलाइन दुकान चालवणारी व्हॉल्व्ह यांनी एप्रिल 2015 मध्ये स्कायरिमचे मॉड स्टीमवर विकायला काढले. किमतीतला फक्त 25 टक्के वाटा मॉडरला मिळणार होता. खेळाडू इतके चिडले की काही दिवसांतच ते बंद करून पैसे परत केले गेले. जीटीए या गेमचे मॉड करायचं ओपनआयव्ही हे टूल जून 2017 मध्ये गेमची प्रकाशक टेक-टू हिच्या नोटिशीमुळे बंद पडलं आणि त्याच महिन्यात परत आलं. जीटीए बनवणाऱ्या रॉकस्टारने तेव्हा सांगितलं की एकट्याने खेळायच्या, बिगरव्यावसायिक मॉडवर सहसा कारवाई होणार नाही. ऑनलाइन खेळात ढवळाढवळ करणाऱ्या मॉडला ही सवलत नाही. माझ्या मते हा फरक योग्यच आहे, कारण तिथे दुसऱ्याचा खेळ बिघडतो.

स्वतःच्या मॉडचा परवानाही आधी ठरवा. कोडला मी एमआयटी (कुणालाही वापरू देणारा मोकळा परवाना) दिला, चित्रं आणि आवाज क्रिएटिव्ह कॉमन्सखाली, श्रेयाच्या अटीवर. परवानाच लिहिला नाही तर सगळे हक्क राखून ठेवलेत असा अर्थ होतो आणि कुणी मॉडपॅकमध्ये (अनेक मॉडच्या संचात) घ्यायचं म्हटलं तर प्रत्येक जण विचारत बसतो. दुसऱ्याची लायब्ररी (तयार कोडचा संच) आपल्या जारमध्ये कोंबण्याआधी तिचा परवाना वाचा. शंका असेल तर जारमध्ये न घालता 'ही लागते' एवढंच माहितीच्या फाइलमध्ये नोंदवा.

प्रसिद्ध करण्याआधी वेगळ्या सर्व्हरवर चालवून पाहा. 1.21.1 ला जावा 21 लागतं. सर्व्हर पहिल्यांदा लगेच बंद पडतो आणि ईयूलाची एक छोटी फाइल तयार करतो. तिच्यात 'फॉल्स' च्या जागी 'ट्रू' तुम्ही स्वतः लिहायचं. सर्व्हरची तयार झिप वाटणार असाल तर ती फाइल 'ट्रू' करून देऊ नका, करार ज्याचा त्याने मान्य करायचा. सर्व्हर उभा राहताना क्रॅश झाला तर बहुतेक वेळा चित्र दाखवणारा क्लास मुख्य सुरुवातीतच बोलावलेला असतो, तो क्लायंटच्या (खेळणाऱ्याच्या मशीनवरच्या गेमच्या) भागात हलवा. ब्लॉक फोडला आणि हातात काहीच आलं नाही, तर फोल्डरचं नाव पाहा. 1.21 पासून 'लूट टेबल्स' आणि 'रेसिपीज' ही अनेकवचनी नावं एकवचनी झाली आहेत. जुन्या नावाने ठेवलेली फाइल गेम बघतच नाही, एररही देत नाही.

अपलोड केल्यावर एका होस्टिंग साइटने मॉड एकदा परत पाठवला. कारणं दोन: वर्णन फक्त मराठीत होतं आणि गॅलरीतल्या एका चित्रात गेमचा लोगो आला होता. मुख्य मेनूचा स्क्रीनशॉट दिला की लोगो आपसूक येतो. तो काढून जगातले चार स्क्रीनशॉट दिले, वर्णन आधी इंग्रजीत आणि खाली मराठीत केलं. क्लायंट आणि सर्व्हर दोन्हीकडे मॉड लागतो हेही तिथे नीट निवडा. फक्त क्लायंट निवडलं तर लोक सर्व्हरवर टाकत नाहीत आणि जोडताना अडतात.

नवीन आवृत्तीसाठी नुसता आकडा बदलून बिल्ड करू नका. 1.21.4 पासून वस्तूंच्या चित्रासाठी 'आयटम्स' फोल्डरमध्ये प्रत्येक वस्तूची आणखी एक जेसन फाइल लागते. ती नसेल तर जमिनीवर ठेवलेलं जातं नीट दिसतं आणि हातातलं जातं जांभळ्या-काळ्या चौकड्यांचं. तेव्हा टेक्स्चर शोधत बसू नका, ती फाइल टाका.