वाटीच्या कडेला रचलेली रताळी

टोकियोतील ज्या वृद्धाश्रमात मी शुश्रूषेचे काम करते, तेथे गेल्या ऑक्टोबरात एका दुपारी रताळे घालून शिजवलेला भात होता. नव्वदीला टेकलेल्या एका आजींनी भाताचे शीतही उरवले नाही, पण रताळ्याची प्रत्येक फोड चॉपस्टिकने वेगळी करून वाटीच्या कडेला रचून ठेवली. उपासाला रताळ्याचा कीस आवडीने खाणाऱ्या मला तो निव्वळ हट्ट वाटला आणि मी दोनदा आग्रह केला. "पुष्कळ खाल्ली आहेत," एवढेच त्या हसून म्हणाल्या.

संध्याकाळी त्यांचे हिवाळी कपडे काढताना कपाटाच्या तळाशी कागदात गुंडाळलेला एक ओबी, म्हणजे किमोनोवर बांधायचा पट्टा, निघाला. किमोनो मात्र एकही नव्हता. मी सहज विचारले आणि त्या बोलू लागल्या.

10 मार्च 1945 च्या हवाई हल्ल्यात घर जळाले, तेव्हा नऊ वर्षांच्या त्या शाळेतील मुलांबरोबर गावाकडे होत्या. युद्ध संपल्यावर परतल्या तेव्हा आई जळक्या पत्र्यांच्या खोपटात राहत होती. रेशन माणशी दिवसाला जेमतेम 300 ग्रॅम धान्याचे, तेही रखडत मिळे आणि तांदळाऐवजी पुष्कळदा रताळीच पदरात पडत. फेब्रुवारी 1946 मध्ये बँकेतील ठेवी गोठवल्या गेल्या. कुटुंबप्रमुखाला महिन्याला 300 येन आणि इतरांना माणशी 100 येन एवढेच काढता येत. तशाही शेतकऱ्याला नोटांपेक्षा कापड हवे असे. म्हणून आजोळी ठेवल्यामुळे वाचलेले किमोनो आई एकेक करून टोकियोशेजारच्या चिबा प्रांतातील खेड्यांत धान्याच्या बदल्यात देऊन येई. कोंबाचे पदर सोलावेत तसे कपडे जातात म्हणून लोक त्याला 'ताकेनोको', बांबूच्या कोंबाचे जगणे, म्हणत.

लग्नातल्या किमोनोच्या बदल्यात मिळालेला तांदूळ आईने तान्ह्या मुलासारखा पाठीशी बांधून आणला, पण रेशनबाहेरचा तांदूळ बेकायदा असल्याने स्टेशनवर पोलिसांनी झडती घेऊन तो जप्त केला. पुढचे कित्येक दिवस, आजी म्हणाल्या, पुन्हा रताळीच.

ओबीच्या टोकाला नखाएवढा डाग होता. शेतकरणीने तो पाहून ओबी परत केला होता, म्हणूनच तो उरला.

त्यांच्या आवडीनिवडीच्या तक्त्यात 'सर्व चालते' असे मीच कधीतरी घाईत लिहिले होते. ते खोडून मी 'रताळे नको' असे लिहिले, आणि दिवा मालवताना त्यांनी आठवण केल्यावर, भोपळाही.