ॲबरफॉइलला जाल तर टेकडी नंतर, थडगं आधी

स्टर्लिंगहून बसने स्कॉटलंडमधल्या ॲबरफॉइल गावात उतरलो, तेव्हा पाऊस नुकताच थांबला होता. येणारे बहुतेक जण थेट डून हिल या टेकडीची वाट धरतात. तुम्ही तसं करू नका. गावाबाहेर फोर्थ नदीवरचा दगडी पूल ओलांडला की छप्पर नसलेलं जुनं चर्च लागतं, तिथे आधी थांबा. दारापाशी शवपेट्यांच्या आकाराची दोन अवजड लोखंडी झाकणं दिसतील. प्रेतं चोरीला जाऊ नयेत म्हणून ती पुरलेल्या पेटीवर ठेवत.

याच आवारात पाद्री रॉबर्ट कर्क यांचं थडगं आहे. त्यावरच्या लॅटिन ओळीत त्यांना ‘गेलिक भाषेचा दिवा’ म्हटलंय; गेलिक म्हणजे स्कॉटलंडच्या डोंगराळ भागातली भाषा. त्या ओळीसाठीच मी एवढ्या लांब आलो होतो. १६८४ साली त्यांनी बायबलमधली स्तोत्रसंहिता गेलिक पद्यात छापली. ती पूर्ण स्वरूपात गेलिकमध्ये पहिल्यांदाच आली. मग गेलिकला जवळच्या आयरिश भाषेतलं बायबल हाती घेतलं. आयरिश लिपी डोंगराळ भागातल्या लोकांना वाचता येईना, म्हणून त्यांनी ते रोमन अक्षरांत उतरवलं आणि छपाईसाठी स्वतः लंडनला गेले. १६९० मध्ये ते निघालं. पैशांची मदत शास्त्रज्ञ रॉबर्ट बॉइल यांची. अवघड शब्दांची यादीही कर्कनी शेवटी जोडली. वाचणारा अडेल कुठे, याचा विचार करणारा माणूस!

लोकांच्या ओठी मात्र त्यांचं दुसरं लेखन. गावकऱ्यांकडून ऐकलेल्या पऱ्यांच्या आणि दिव्यदृष्टीच्या हकिकती त्यांनी नीट टिपून ठेवल्या. माझ्या मते तो भाबडेपणा नव्हता. अदृश्य जग नाकारणाऱ्या नास्तिकांना ते त्यातून उत्तर देत होते. १६९२ च्या मे महिन्यात, वयाच्या सत्तेचाळिसाव्या वर्षी ते वारले. डून हिलवर फिरताना कोसळले आणि गुपितं फोडली म्हणून पऱ्यांनी त्यांना नेलं, असं गाव सांगतं. पऱ्यांच्या हकिकतींचं ते हस्तलिखित छापलं गेलं १८१५ मध्ये, कादंबरीकार वॉल्टर स्कॉटमुळे.

आता टेकडी चढा. झाडीतली वाट पावसानंतर निसरडी होते, पकड असलेले बूट हवेत. उन्हाळ्यात बारीक चावरे किडे फार, अंगभर कपडे घाला. माथ्यावरच्या पाइनभोवती नवसाच्या चिंध्या लटकलेल्या असतात. बांधायचीच तर सुती बांधा, प्लास्टिक नको. परतीच्या बसची वेळ उतरल्या उतरल्या बघून ठेवा, फेऱ्या मोजक्याच आहेत.

गाडी असेल तर बॅल्किडर गावालाही जा. ॲबरफॉइलआधी कर्क तिथेच पाद्री होते. गर्दी दंतकथा बनलेल्या बंडखोर रॉब रॉयच्या थडग्यापाशी असते. तुम्ही चर्चच्या आत जाऊन कर्कनी दिलेली जुनी घंटा बघा.