दाढ चांगली होती

डिसेंबरमध्ये आमच्या निफाड तालुक्यात दाढ दुखायला कुणालाच सवड नसते. द्राक्षबागेत घड जीए या वाढीच्या औषधात बुडवणं (डिपिंग), विरळणी, डावणी-भुरी या रोगांवरच्या फवारण्या हे सगळं एकदमच अंगावर आलेलं असतं. त्यामुळे या दिवसांत दवाखान्याची पायरी चढणारा माणूस अगदी टेकीला आलेला असतो आणि त्याचं म्हणणं ठरलेलं असतं : काढून टाका, एकदाची कटकट मिटू द्या.

2023 चा डिसेंबर तर विचारूच नका. 26 नोव्हेंबरला आमच्याकडे गारा पडल्या. कुणाची बाग पार झोडपली गेली, तर कुणाची त्याच शिवारात अर्धीमुर्धी वाचली. पंचनामे झाले, फोटो काढून झाले, पुढारी येऊन गेले. त्यानंतरच्या दिवसांत माझ्याकडे तडकलेल्या दाढा, दुखणारे जबडे आणि ‘तोंडच उघडत नाही’ अशा तक्रारी घेऊन येणारी माणसं वाढली. आम्हा दातांच्या डॉक्टरांना याचं फारसं नवल वाटलं नाही. कोविडच्या काळात हे आम्ही पाहिलं होतं. 2021 च्या सुरुवातीला अमेरिकन डेंटल असोसिएशनने डॉक्टरांना विचारलं, तेव्हा 70 टक्क्यांहून जास्त जणांनी दात खाणारे, दातांवर दात दाबून धरणारे पेशंट वाढल्याचं सांगितलं होतं.

त्यातलीच ही एक केस. नाव-गाव अर्थातच सांगत नाही.

पंचेचाळिशीचे गृहस्थ. बागेतूनच आले होते, पँटच्या पायांवर फवारणीचे निळे डाग होते. सोबत बायको. खुर्चीत बसायच्या आधीच त्यांनी गालावरून बोट फिरवून खालच्या डाव्या बाजूची मोठी दाढ दाखवली. “मॅडम, ही काढा. मागची काढली, तरी ठणका जाईना. आता हिच्यात आलाय.”

मागची दाढ त्यांनी दुसरीकडे काढून घेतली होती. ती किडलेली असेलही, मी काही पाहिली नव्हती. पण ठणका एका दाढेतून दुसऱ्या दाढेत बिऱ्हाड हलवल्यासारखा जात नाही. तिथेच मला शंका आली.

आरशाच्या दांडीने दाढ ठोकून पाहिली. काही नाही. थंड लावलं, तर शेजारच्या दातांइतकंच लागलं आणि लगेच गेलं. कापसाची गुंडाळी चावायला दिली, दाबताना कळ नाही आणि सोडतानाही नाही. एक्स-रेमध्ये मुळं स्वच्छ, हाड चांगलं. हिरडीत पू नाही. दाढ चांगली होती.

“दुखतं कधी?”

“पहाटे उठलो की जबडाच धरलेला असतो. मग दिवसभर कमी-जास्त.”

कीड आतल्या शिरेपर्यंत पोचलेली दाढ रात्री आडवं झाल्यावर ठणकते, गरम चहाने भडकते. यांचं दुखणं उठल्या उठल्या सगळ्यात जास्त. मग मी दुखरी बाजू सोडून सगळं तोंड पाहिलं. चारही सुळ्यांची टोकं घासून सपाट झालेली. दोन्ही गालांच्या आतून, जिथे दात मिळतात त्या ओळीत, पांढरी रेघ. जिभेच्या कडेला दातांचे ठसे.

“दात दाबून धरा,” म्हटलं. कानाच्या खाली, गालाच्या मागच्या भागात स्नायूचा टणक गोळा वर आला. हा चावण्याचा मुख्य स्नायू, मॅसेटर. शरीरातल्या ताकदवान स्नायूंपैकी एक. मग त्यांना जबडा सैल सोडायला सांगितला आणि त्या गोळ्यावर एका जागी बोटाने दाबून धरलं. पाच-सात सेकंद गेले असतील.

“हीच! हीच दाढ, मॅडम!”

माझं बोट दाढेपासून चांगलं लांब होतं, तोंडाच्या बाहेर. त्यांचा विश्वास बसेना. मी त्यांचंच बोट धरून त्या जागेवर ठेवलं, आरसा हातात दिला. त्यांनी दाबलं, सोडलं, पुन्हा दाबलं. दुखणाऱ्या स्नायूची कळ खालच्या दाढांत जाणवते, हे पुस्तकात असतं. पण आपल्याच बोटाने आपली ‘दाढ’ गालावरून दुखवून पाहिल्यावर माणसाच्या तोंडावर जे येतं, ते पाहण्यासारखं असतं. आणखी एक दाढ काढली असती, तर महिनाभराने ते तिसरी दाखवायला आले असते.

एवढा वेळ भिंतीला टेकून उभ्या असलेल्या वहिनी म्हणाल्या, “रात्री दात खातात हे. एवढा आवाज येतो की मला जाग येते. सासूबाई म्हणाल्या जंत झाले असतील, म्हणून जंताची गोळीपण दिली.”

जंताची गोळी आमच्याकडे घरोघरी दिली जाते. मोठ्या माणसाच्या दात खाण्याशी तिचा काही संबंध नाही. झोपेत दात खाण्याची कारणं वेगळी आहेत आणि सगळी काही टेन्शनचीच नसतात. म्हणून घोरता का, झोपेत श्वास अडकतो का, मानसोपचाराची किंवा दुसरी कुठली गोळी चालू आहे का, हे मी आधी विचारून घेतलं. घोरणं नव्हतं, गोळ्या नव्हत्या. तंबाखू होता आणि गारा पडल्यापासून तो वाढला होता. चहा तर मोजतच नव्हते. दोन्हींनी दात खाणं वाढतं.

पण माझ्या दृष्टीने जास्त महत्त्वाचं होतं ते दिवसाचं. झोपेपेक्षा जागेपणी दात आवळून धरण्याचा ताणाशी संबंध जास्त सरळ असतो. वॉल्टर कॅनन या अमेरिकन शरीरक्रियाशास्त्रज्ञाने 1915 मध्ये ‘लढा किंवा पळा’ ही जी शरीराची तयारी सांगितली, तिच्यात स्नायू ताणले जातात, हृदय धडधडतं, रक्त हातापायांकडे जातं. वाघ मागे लागला तर ती उपयोगाची. वाघ निघून गेला की शरीर सैल पडतं. इथे वाघ जातच नव्हता. आभाळाशी लढता येत नाही आणि बाग सोडून पळताही येत नाही. मग ती तयारी नुसतीच अंगात साठते. कुणाच्या मानेत, कुणाच्या पोटात, यांच्या जबड्यात.

एरवी मी नाइट गार्डचं, म्हणजे रात्री दातांवर घालायच्या प्लास्टिकच्या कव्हरचं, माप घेतलं असतं, शेकायला सांगितलं असतं आणि ‘जास्त टेन्शन घेऊ नका’ म्हणून मोकळी झाले असते. हे शेवटचं वाक्य मला आवडत नाही. ते ऐकून आजवर कुणाचं टेन्शन कमी झालेलं मी पाहिलेलं नाही. उलट माणसाला वाटतं, हेही आपल्याला जमत नाही.

बाहेर एकच पेशंट होती, दात साफ करून घ्यायला (स्केलिंगला) आलेली. तिला दुसऱ्या दिवशी बोलावलं आणि असिस्टंटला चहाला पाठवलं. “रात्री जाग येते तेव्हा काय करता, भाऊ?”

“मोबाइल बघतो. हवामान.”

“किती वाजता?”

“एकला. मग तीनला. परत पाचला.”

“अन् एकला पाऊस दाखवला, तर तेव्हा काय करता येतं?”

ते हसले. “काही नाही. बघायचं.”

मी प्रिस्क्रिप्शनचं पॅड त्यांच्यापुढे सरकवलं आणि डोक्यात जे जे चालतं ते एकाखाली एक लिहायला सांगितलं. कुरकुरत लिहिलं. गेल्या हंगामात माल नेलेल्या व्यापाऱ्याकडची बाकी. औषधाच्या दुकानाची उधारी. सोसायटीचं कर्ज. मुलीची फार्मसीची फी. उरलेल्या बागेत मणी तडकतील का. शेवटच्या ओळीवर पेन थांबलं. “घड पदरात पडायच्या वेळेला मणी तडकतो ना, मॅडम, तसं झालंय आतून,” म्हणाले.

उधारीच्या आकड्यावर वहिनींचा हात गेला. “एवढी?” त्यांना निम्मीच माहीत होती. दोघंही थोडा वेळ काही बोलले नाहीत, आणि मीही मध्ये पडले नाही.

मग एकेका ओळीपुढे आम्ही लिहिलं : या आठवड्यात यात काही करता येईल का? व्यापाऱ्याच्या बाबतीत इतर शेतकऱ्यांबरोबर मिळून अर्ज द्यायचं गावात चाललंच होतं. ते थोरला भाऊ बघणार. दुकानदाराला चुकवून मागच्या रस्त्याने जाणं बंद करायचं आणि समोर जाऊन हप्त्याचं बोलायचं. कॉलेजात फीचे दोन भाग करून मिळतात का, हे वहिनी विचारणार. सोसायटीच्या सचिवाला सोमवारी भेटायचं. आभाळापुढे त्यांनी स्वतःच फुली मारली. रात्री एक वाजता उठून सुटेल असं त्या कागदावर एकही काम नव्हतं. हे त्यांनाही दिसलं.

याने कर्ज फिटत नाही, एवढं मला कळतं. पण ‘सगळंच अंगावर आलंय’ हे ओझं वेगळं आणि ‘सोमवारी सचिवाला भेटायचंय’ हे ओझं वेगळं.

एक प्रश्न उरला होता. आमच्या भागात शेतकऱ्याशी असं बोलताना तो टाळून चालत नाही. असं विचारलं की नको ते डोक्यात येतं, ही भीती खोटी आहे. बहुतेकांना कुणीतरी विचारलं म्हणून हलकंच वाटतं. मी सरळ विचारलं, “भाऊ, जिवाचं काही बरंवाईट करावं असं मनात येतं का?”

ते आधी बायकोकडे बघायचं टाळत राहिले. मग म्हणाले, “एकदा आलं होतं. गारा पडल्या त्या रात्री. आता नाही.”

वहिनी रडल्या. तोंडाला पदर लावून, आवाज न करता. मी पाणी दिलं. मग मात्र मी दातांची डॉक्टर म्हणून बोलले नाही. फवारणीच्या औषधांच्या खोलीची किल्ली आजपासून थोरल्या भावाकडे राहील आणि लागेल तेवढंच औषध तो काढून देईल, हे तिथूनच फोन लावून पक्कं केलं. 14416 हा टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा नंबर दोघांच्याही मोबाइलमध्ये घातला. तो केव्हाही लागतो, फुकट आहे आणि मराठीत बोलता येतं. नाशिकला मानसोपचारतज्ज्ञांना दाखवायचं ठरलं. “वेड्याच्या डॉक्टरकडे?” असं ते म्हणालेच. मी म्हटलं, “दाढेसाठी माझ्याकडे आलात ना? तसंच.” युक्तिवाद काही फार भारी नव्हता, पण चालून गेला.

त्यानंतर माप घेतलं. दातांचा ठसा घ्यायच्या लगद्याचा (अल्जिनेटचा) ट्रे तोंडात असताना त्यांना नाकाने श्वास घ्यायला सांगितला आणि सोडायचा श्वास लांबवायला. सोडणारा श्वास लांबला की नाडी जराशी मंदावते, हे करून बघितल्याशिवाय पटत नाही. नाइट गार्ड दातांची झीज वाचवतं, दात खाण्याची सवय काही ते मोडत नाही, हेही सांगितलं. नाहीतर लोक सगळं त्या प्लास्टिकवर सोडून देतात.

खरं काम दिवसाचं. घास चावताना आणि गिळताना सोडलं, तर दात एकमेकांना टेकायलाच नकोत. ओठ मिटलेले, दात सुटे. ‘न’ म्हणताना जीभ जिथे टेकते, तिथे ती ठेवून द्यायची आणि जबडा लोंबू द्यायचा. पण दिवसभर हे लक्षात कसं राहणार? वहिनींनी पर्समधून टिकल्यांचं पाकीट काढलं. एक टिकली मोटरच्या स्टार्टरवर, एक ट्रॅक्टरच्या स्टिअरिंगवर, एक मोबाइलच्या कव्हरवर, एक देवघराशेजारच्या स्विचवर. टिकली दिसली की दात सोडायचे, खांदे पाडायचे आणि एक लांब श्वास. हवामान बघायचं ते सकाळी आणि संध्याकाळी सातला. रात्री मोबाइल थोरल्या मुलाच्या खोलीत चार्जिंगला.

गार्ड बसवायला आले, तेव्हा जबडा पुष्कळ सैल होता. ठणका पूर्ण गेला नव्हता, पण सकाळी तोंड उघडत होतं. नाशिकला जाऊन आले होते, झोपेसाठी थोडे दिवस गोळी सुरू झाली होती. टिकल्यांवरून शेतमजूर बायकांनी भरपूर चेष्टा केली म्हणाले, आणि आता त्याही एकमेकींना ‘दात सोड’ म्हणतात. दुकानदार हप्त्याला तयार झाला होता, वरून ‘आधीच यायचं ना’ असं म्हणाला. व्यापाऱ्याचे पैसे आलेले नव्हते.

गार्डवर कागद चावायला देऊन उंचवटे घासत होते, तेवढ्यात वहिनी म्हणाल्या, “मॅडम, यांचं झालं की माझंही बघा. सकाळी कानशिलं दुखतात.”

खुर्चीत बसल्या. जिभेच्या कडेला तेच ठसे, गालाच्या आत तीच पांढरी रेघ. रात्री झोप लागते का, विचारलं, तर म्हणाल्या, “हे झोपलेत का ते बघत असते ना.”

त्यांच्यासाठी लगेच गार्ड केलं नाही. नवऱ्याला खुर्चीजवळ बोलावून पुन्हा ते पॅड काढलं. आठवड्यातल्या निदान दोन रात्री वहिनींनी सासूबाईंच्या खोलीत झोपायचं आणि त्या रात्री थोरला भाऊ त्यांच्याजवळ ओट्यावर, असं दोघांनी मिळून ठरवलं. “मंगळवार अन् शुक्रवार,” ते म्हणाले, “शुक्रवारी फवारणी नसते.”