ब्रह्मनाळमधला ळ

सांगली, रात्रीचे साडेअकरा

शेजारच्या काकूंची मुलगी संध्याकाळी आली होती, बारावी झाली तिची आता, म्हणाली ताई मला पण तुझ्यासारखं टीव्हीवर बातम्या द्यायच्यात, काय करावं लागतं सांग ना. सुट्टीला आले की दरवेळी कोण ना कोण विचारतंच आणि मी ठरलेलं सांगते, वाचन वाढव, पेपर मोठ्यानं वाच, मास कॉम कर. आज मात्र तिला घेऊन कृष्णेकाठी माई घाटावर गेले आणि दीड तास बोलत बसले. आता झोप येईना म्हणून लिहितेय.

माझी सुरुवात इथलीच, केबलच्या बातम्या. रोज रात्री आठला, एका माडीवरच्या खोलीत, मागं निळा पडदा, दोन हॅलोजन, प्रॉम्प्टर वगैरे काही नाही, हातात नुसते कागद. त्या कागदांनी जे शिकवलं ते नंतर कुठल्या वर्कशॉपमध्ये मिळालं नाही. डावा अंगठा चालू ओळीवर ठेवायचा, एका नजरेत पुढचं अर्धं वाक्य उचलायचं, मान वर करून कॅमेऱ्यात बघत ते बोलायचं, आणि परत खाली बघेपर्यंत अंगठा पुढच्या ओळीवर सरकलेला पाहिजे. अंगठा चुकला की संपलं, मग शोधत बसा. मुलीला हे करून दाखवलं तर तिला खरंच वाटेना.

मुंबईत चॅनलला लागले तेव्हा लेन्सच्या पुढं प्रॉम्प्टरची काच, त्यावर अक्षरं वर सरकत जातात, बघणाऱ्याला वाटतं हिला सगळं पाठ आहे. पण खरी कसोटी कानात असते. टॉकबॅकवर, म्हणजे कानातल्या त्या बटणात, पीसीआर म्हणजे कंट्रोल रूममधून सारखं कोणतरी बोलत असतं, बाईट (कुणाच्या तरी बोलण्याचा तुकडा) रेडी नाहीये, फोनो घे म्हणजे फोनवरच बोल, वीस सेकंद ओढ, आणि ते ऐकत ऐकत तोंडातलं वाक्य शेवटपर्यंत नीट न्यायचं. पहिले सहा महिने मी रूमवर जाऊन रडायचे.

बाबांना अजून बातम्या म्हणलं की दूरदर्शनवर बातम्या वाचणारे प्रदीप भिडेच आठवतात. 2022 च्या जूनमध्ये ते गेले तेव्हा बाबा संध्याकाळभर कुणाशी बोलले नाहीत. आणि आईचं एक ठरलेलं, भक्ती बर्वे आपल्या सांगलीच्या, इथं जन्मलेल्या, रंगभूमीवरचं एवढं मोठं नाव आणि तरी मुंबई दूरदर्शनवर बातम्या वाचायच्या, मग तुला का नाही जमणार. त्या लोकांचा आवाज कधी चढायचा नाही. पण तेव्हा बातम्या ठरलेल्या वेळेला असायच्या, एकदा वाचल्या की झालं. आम्ही एकच बातमी दर अर्ध्या तासानं, दिवसभर वाचतो आणि प्रत्येक वेळी ती आत्ताच आल्यासारखी वाटायला पाहिजे, त्यामुळं आवाज वर वर जात राहतो. नव्या पोरापोरींना नुसतं ओरडतात म्हणून नावं ठेवतात लोकं, पण त्यांना तसंच करायला सांगितलेलं असतं.

मग तिनं विचारलं, ताई सगळ्यात अवघड बातमी कुठली होती. समोर आयर्विनचा पूल दिसत होता.

2019 चा ऑगस्ट, महापूर. आयर्विनला कृष्णेचं पाणी 40 फुटाला गेलं की इशारा, 45 ला धोका, आणि त्या वर्षी पाणी 57 च्या पुढं गेलं. घर आमचं गावभागात, आई-बाबा शेजारच्या वरच्या मजल्यावर, फोन लागत नव्हता आणि मी मेकअप करून तेच फूट वाचत होते. प्रत्येक आकड्याला मनात येत होतं आता कट्टा गेला असेल, आता देवघराचा कोनाडा.

8 तारखेला, गुरुवारी, ब्रह्मनाळ गावात पुरातून लोकांना बाहेर काढणारी बोट उलटली. सुरुवातीला आलेला आकडा वाढत वाढत शेवटी 17 वर गेला, बायका होत्या, लहान लेकरं होती. प्रॉम्प्टरवर टाईप झालं होतं ब्रम्हनाल. खालच्या पट्टीवर पण तेच चाललेलं. आणि कानात, एनर्जी वाढव, पिच वर घे, ब्रेकिंग आहे. मला नाही जमलं. माझी मावशी भिलवडीला असते, ब्रह्मनाळ तिथून जवळच, लहानपणी आम्ही तिथल्या कृष्णा-येरळेच्या संगमावर गेलेलो. मी आवाज खाली आणला, गावाचं नाव घेतलं, ब्रह्मनाळ, थांबले, आणि मग आकडा सांगितला. दोन सेकंदच असतील, पण ऑन एअर दोन सेकंद म्हणजे फार, कानात लगेच काय झालं काय झालं सुरू.

बुलेटिन संपल्यावर बोलावून झापलं, बातमी पडली, जोरच गेला म्हणाले, आणि पुढचे दोन आठवडे संध्याकाळच्या रोस्टरला माझं नाव नव्हतं. ते अजून दुखतं. मी बरोबर वाचलं होतं असं तेव्हाही वाटत होतं, आजही वाटतं.

पाणी उतरल्यावर मावशीचा फोन आला, लाईट आली होती त्यांच्याकडं, कुणाच्या तरी मोबाईलवर माझी क्लिप बघितलेली. म्हणाली, गावाचं नाव नीट घेतलंस बाई. बाकी काही बोलली नाही, चिखल काढायचा होता त्यांना.

पोरगी गप्प ऐकत होती. मग मीच म्हणलं, चल, मोठ्यानं म्हण, भिलवडी, अंकलखोप, औदुंबर, ब्रह्मनाळ, हरिपूर, मौजे डिग्रज. घाईत म्हणाली, ळ घसरला. परत म्हणायला लावलं, तिसऱ्या वेळेला नीट आलं, तेव्हा स्वतःच हसली.

उद्या रात्रीच्या महालक्ष्मी एक्सप्रेसनं मुंबईला निघायचंय मला. सकाळी सातला ती पेपर घेऊन येणारे, प्रॉम्प्टर नाही, कागदावरनंच वाचायचं असं सांगितलंय.